भाषणातली आई

माझ्या ताईचे यजमान सौसरच्या कोर्टात वकील होते. पुढे ते विरोधी पक्षाचे पुढारी झाले, निवडणुका लढले, पडले, आणि पडता पडताच मोठे झाले. गावात सगळे त्यांना वकीलसाहेब म्हणायचे, आमच्या घरातही तेच. इथे मी त्यांना अहो-जाहो करणार आहे ती निव्वळ सवयीनं, मानानं नव्हे. मान होता, नाही असं नाही. तो कसा गेला ते सांगायला बसले आहे, आणि सांगताना माझा आवाज चढला तर चढू द्या. इतकी वर्षं मी तो दाबूनच बोलत आले.

आमचं गाव बोरगावच्या बाजूला. बाबांची संत्र्याची बाग, जोडीला कापूस. गावात वरच्या वर्गांची शाळा नव्हती म्हणून मी सौसरला ताईकडे राहायला आले, मॅट्रिक झाले आणि मग प्रायव्हेट बी.ए. करत तिथेच राहिले. ताई सौसरच्या प्राथमिक शाळेत शिकवायची. तिच्या पगारावर घर चालायचं हे घरातल्या मांजरालाही ठाऊक होतं, पण बाहेर सांगायचं ते असं, की वकीलसाहेबांची प्रॅक्टिस जोरात आहे.

प्रॅक्टिस म्हणजे काय, तर तारीख वाढवणं. त्यात मात्र त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. शेताच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून भांडलेले, वाटणीवरून भांडलेले शेतकरी सकाळीच ओसरीवर येऊन बसायचे. मी चहा नेऊन द्यायची.

"साहेब, यंदा तरी निकाल लागते का?" एखादा भीत भीत विचारायचा.

"निकालाची घाई कायले करता बाप्पा? समोरच्याले थकू द्या ना!"

समोरचा थकायच्या आधी हाच थकायचा. त्याचा पोरगा तारखेला येऊ लागायचा, त्यालाही मी चहा द्यायची. एकदा कसं कोण जाणे, वकीलसाहेब एक केस जिंकले. त्या दिवशी घरी आले ते तोंड पाडून. नेहमीचा पक्षकार हातचा गेला ना! ताईनं गोड केलं होतं, तेही धड खाल्लं नाही.

राजकारणात ते कसे आले तेही सांगून टाकते. आधी गेले होते सत्ताधारी पक्षाकडे, नगरपालिकेचं तिकीट मागायला. तिथे त्यांना बाहेरच्या बाकावर बसवून ठेवलं आणि चहा पाजून परत पाठवलं. घरी आले तेव्हा नाकाला मिरच्या झोंबलेल्या. आठवड्याच्या आत त्यांना लोकशाहीची काळजी वाटू लागली. पांढरा कुर्ता शिवला, गळ्यात गमछा आला, आणि सौसरच्या बाजारात एका बैलबंडीवर उभं राहून त्यांनी पहिलं भाषण ठोकलं. आवाज दांडगा होता, तेवढं कबूल करावंच लागेल. कोर्टात त्या आवाजाला वाव नव्हता. तिथे न्यायाधीश मध्येच थांबवायचे. बाजारात थांबवणारं कोणी नव्हतं.

माणूस कसा होता हे एका गोष्टीवरून कळेल. पांढुर्ण्याला पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी गोटमार असते. जाम नदीच्या अलीकडून पांढुर्ण्याचे आणि पलीकडून सावरगावचे लोक एकमेकांवर गोटे मारतात, नदीत रोवलेल्या झेंड्यासाठी. कोणाचं डोकं फुटतं, कोणाचा डोळा जातो, तरी दरवर्षी जातात. वकीलसाहेबांना दोन्ही काठांची मतं पाहिजे होती आणि गोटा एकही नको होता. म्हणून त्या दिवशी ते आमच्याबरोबर घरीच बसले, दुपारी पोळ्या खाऊन झोपले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी मला म्हणाले, "एक पांढरी चिंधी दे वं फाडून." मी ताईच्या जुन्या परकराची पट्टी फाडून दिली. मला वाटलं, स्कूटर पुसायची असेल. ती कपाळाला गुंडाळून स्वारी निघाली. पांढुर्ण्यात सांगितलं, सावरगावचा गोटा लागला. नदी ओलांडून सावरगावात सांगितलं, पांढुर्णेवाल्यांनी मारला. दोन्हीकडे बायांनी हळद घालून दूध पाजलं. माझ्या ताईचा परकर कपाळाला बांधून हा माणूस दोन काठांवर वीर होऊन आला, आणि घरी येऊन म्हणतो कसा, "दूध लय झालं, आता जेवत नाही."

तेव्हा आम्ही हसलो होतो. ताई तर पोट धरधरून हसली. तेव्हा हसण्यासारखं होतं.

मग त्यांनी आमदाराच्या विरोधात भाषणं सुरू केली. नाव घेऊन, हातवारे करून. आमदारानं काही उत्तर दिलं नाही. त्यानं ताईची बदली केली.

शाळेचा शिपाई घरी कागद घेऊन आला तेव्हा ताई अंगणात तुरीच्या शेंगा सोलत होती. तिनं वाचलं आणि शेंगा मांडीवर तशाच राहिल्या. बदली तामियाच्या पलीकडे, डोंगरातल्या एका खेड्यात. सौसरहून नॅरोगेजच्या छोट्या गाडीनं छिंदवाडा, तिथून बस, आणि बस जिथे थांबते तिथून पायी. ताईची पोरगी तेव्हा नुकती बोलायला शिकली होती. ती आईच्या पदराला लोंबकळून शेंगा मागत होती.

एवढ्यात वकीलसाहेब आले. कागद पाहिला. त्यांच्या तोंडावर तेव्हा जी कळा आली ती मी जन्मात विसरणार नाही. मला वाटलं होतं चिडतील, निदान घाबरतील. माणूस खुश झाला होता! लॉटरी लागल्यासारखा कागद हातात धरून अंगणात फिरत होता.

"आता सापडले लेकाचे! आता पाह्य, कसा धारेवर धरतो त्याहिले."

"धरा ना, पण आधी हे थांबवा," ताई म्हणाली. "पोरगी किती लहान आहे."

"थांबवतो ना! जबलपूरच्या हायकोर्टात अर्ज टाकतो, स्टे आणतो. तू सध्या रुजू हो, नाहीतर पगार बंद होईल. पोरगी इथंच राहू दे. तिकडं जनावरं आहेत, दवाखाना नाही. मावशी आहे ना तिची."

मावशी म्हणजे मी. ताई गेली. जाताना पोरीला झोपवून गेली. उठल्यावर ती घरभर आई शोधत फिरली, आणि संध्याकाळी दमून माझ्या मांडीवर झोपली.

त्यानंतरच्या बाजारच्या दिवशी वकीलसाहेबांनी जे भाषण दिलं, त्यावर त्यांचं पुढारीपण उभं राहिलं. आधी त्यांच्याकडे मुद्दे होते, पण रडवणारं काही नव्हतं. आता होतं. "मायबहिणींनो, माझी अर्धांगिनी आज जंगलात एकटी आहे. का? तर तिच्या नवऱ्यानं खरं बोलायची हिंमत केली!" बाया डोळे पुसू लागल्या. तेवढं पुरे होतं. पुढच्या भाषणात अस्वल आलं. मग पांढुर्ण्याच्या सभेत वाघ आला. तिगावला स्टेशनाच्या बाहेर बोलले तेव्हा मध्ये एक पूर आलेला ओढा आला, आणि ताई तो पोहून शाळेत जाऊ लागली. माझ्या ताईला पोहता येत नाही.

ताई सुटीत यायची तेव्हा मी विचारायची, "वाघ खरंच दिसते का?"

"वाघ कुठचा? माकडं आहेत, छपरावरचे कवेलू फोडतात. लोक भले आहेत व. एक म्हातारी रोज येऊन दारात बसते, मी गोंडी शिकून राहिली तिच्याजवळ. मले तिथं काही त्रास नाही." मग थांबून म्हणायची, "पोरगी नाही, तेवढंच."

आणि ती पोरगी! तिला वकीलसाहेब सभेला न्यायला लागले. नवीन फ्रॉक, डोळ्यांत काजळ, आणि मंचावर उभं करून, "हे पाहा, आईविना लेकरू!" एवढी गर्दी, एवढा कर्णा, पोरगी भोंगा पसरून रडायची. ती रडली की टाळ्या. पहिल्यांदा मी मंचावर चढून तिला ओढून आणलं, तर खाली आल्यावर मला दम भरला. "मधात कायले आली? रंग भरून राहिला होता ना!" रंग! स्वतःच्या लेकराच्या रडण्यात ह्या माणसाला रंग दिसत होता. पुढे कार्यकर्त्यांनी मला मंचाजवळ येऊच दिलं नाही. घरी आली की मी पोरीचं काजळ धुवायची आणि मनातल्या मनात शिव्या घालायची. तोंडावर बोलायची सोय नव्हती. मी त्यांच्या घरी राहणारी साळी.

स्टेचं विचारलं की एकच उत्तर. "तारीख वाढली." जे ओसरीवरच्या शेतकऱ्यांना सांगायचे तेच आता माजघरात सांगू लागले. ताई यायची, विचारायची, तारीख वाढलेली असायची, ती परत जायची. पाऊस गेला, हिवाळा गेला, पुन्हा पाऊस आला.

कोणी म्हणेल, तिच्या बापानं का नाही विचारलं? तर आमच्याकडची रीत माहीत नाही त्यांना. आमच्याकडे जवायाला सवाल करत नाहीत. तो आला की पाट मांडायचा, गेला की पोत्यात संत्री भरून द्यायची, मध्ये काय विचारायचं असेल ते गिळायचं. आणि जवाई वकील! बाबांनी तर त्या लग्नाचं कौतुक गावभर सांगितलं होतं. ते महिन्या-पंधरवड्यानं सौसरला यायचे, पोतं दारात ठेवायचे आणि खाटेच्या कोपऱ्यावर अवघडून बसायचे.

"कोर्टाचं काय म्हणते जवाईबापू?"

"तारीख वाढली मामाजी."

"हो हो. चालते, चालते."

ते बाहेर पडले की मी मागे धावायची. "बाबा, नीट इचारा ना त्याहिले! धमकावून इचारा!"

"जवायाले कसं धमकावू व? लग्नात पाय धुतले म्या त्याचे." आणि धोतराचा सोगा धरून बस-स्टँडकडे चालू लागायचे.

त्या दिवाळीला ताई आली तेव्हा बाबाही आले होते. ताईनं पोरीसाठी मोहाची फुलं सुकवून आणली होती, लाकडी बैल आणला होता. पोरगी माझ्यामागे लपली. ताईनं हात पुढे केले, तर ही माझ्या मांड्या घट्ट धरून मला विचारते, "आई, ही भाषणातली आई होय ना?"

आई म्हणाली ती मला. ताईचे हात तसेच पुढे राहिले. मग तिनं लाकडी बैल जमिनीवर ठेवला, हळूच पोरीकडे ढकलला, आणि स्वयंपाकघरात जाऊन चूल फुंकत बसली. चूल पेटलेलीच होती. वकीलसाहेब आतल्या खोलीत कार्यकर्त्यांबरोबर फराळ करत होते, त्यांच्या हसण्याचा आवाज येत होता. बाबा खाटेवरून उठले आणि मला म्हणाले, "जबलपूरले कसं जाते व?"

जवायाला आम्ही नर्मदेच्या अंघोळीला जातो म्हणून सांगितलं. पांढुर्ण्याहून पॅसेंजर धरली, इटारसीला गाडी बदलली. बाबांनी कधी नागपूरच्या पुढे पाय टाकला नव्हता. मांडीवर संत्र्यांची पिशवी घेऊन सगळा रस्ता ताठ बसून होते. संत्री जबलपूरच्या वकिलासाठी, ज्याच्याकडे वकीलसाहेबांनी ताईचा अर्ज सोपवला होता.

तो वकील म्हातारा होता, बरा माणूस होता. आमचं ऐकून घेतलं आणि चष्मा काढून आमच्याकडे पाहत राहिला.

"आपको दामादजी ने कुछ बताया नहीं?" तो म्हणाला. "मामला तो एक पेशी का है. मैं बहस को तैयार बैठा हूँ. हर बार वही कहलवाते हैं कि अभी नहीं, चुनाव तक तारीख लेते रहो."

मला हिंदी नीट कळत होती, तरी वाटलं आपण काहीतरी चुकीचं ऐकतोय. बाबांकडे पाहिलं. त्यांना पुरतं कळलं होतं. मानेची शीर टरारून फुगली होती.

"अर्जी किसकी है?" बाबांनी विचारलं.

"आपकी बेटी की."

"तो फिर बेटी को पूछो ना साहब! उसको कौन पूछा?"

त्या वकिलानं चष्मा परत डोळ्यांवर चढवला. खरंच कोणी विचारलं नव्हतं. त्यानं नाही, आम्ही नाही, खुद्द ताईनंही नाही. नवरा वकील म्हणजे खटला नवऱ्याचा, असं आम्ही सगळे धरून चाललो होतो. मंगळसूत्रासारखाच तोही त्यांचाच. एवढी शिकलेली मी, माझ्याही डोक्यात आलं नाही.

"बिटिया आकर मुझसे कह दे," वकील म्हणाला. "अगली पेशी पर बहस कर दूँगा." संत्री त्यानं घेतली नाहीत. म्हणाला, निकालानंतर आणा.

परतताना इटारसीच्या प्लॅटफॉर्मवर बाबा चहाचा कप हातात धरून बसले होते. चहा निवून गेला. "पाय धुतले म्या त्याचे," एवढंच म्हणाले. ह्या वेळी मात्र ते वाक्य शिवीसारखं निघालं.

पुढचं सगळं बाबांनी केलं. तामियाच्या पलीकडे स्वतः गेले, ताईला घेऊन जबलपूरला गेले, आणि वकिलाला हात जोडून सांगितलं की जवायाला कळवू नका. पुढच्याच पेशीला निकाल लागला. बदली रद्द. जे कधीपासून थांबलं होतं ते तासाभरात उरकलं म्हणे.

ताई परत आली ती सौसरच्या बाजाराच्याच दिवशी, दुपारच्या छोट्या गाडीनं. पत्र्याची पेटी, लाकडाचा आणखी एक बैल. मी पोरीला नीट समजावून ठेवलं होतं. ती आली, दुरून पाहिलं, बैल घेतला, मग हळूच ताईच्या पेटीवर जाऊन बसली. ताईनं तिला हात लावला नाही, नुसती बाजूला बसून राहिली. थोड्या वेळानं पोरगी आपणच टेकली तिला. मी बाहेर जाऊन अंगणात मनसोक्त रडून घेतलं.

वकीलसाहेब घरी नव्हते. निवडणूक तोंडावर आली होती, संध्याकाळी बाजारात त्यांची मोठी सभा होती. दिवस कलला तशी कर्ण्याची खरखर सुरू झाली. आमचं घर बाजारापासून जवळ, शब्द न् शब्द ऐकू यायचा. ताई भाकरी थापत होती. पोरगी तिच्याजवळ पिठाचा गोळा घेऊन बसली होती.

"मायबहिणींनो!" कर्णा गरजला. "आता ह्या घडीला माझी अर्धांगिनी कुठं आहे? त्या अंधाऱ्या जंगलात! दाराबाहेर वाघ फिरून राहिला! आणि इथं माझं लेकरू उपाशी झोपून राहिलं!"

ताईची भाकरी तव्यावर करपली. तिनं ती उतरवली, हात धुतले, पदर नीट केला, पोरीला कडेवर घेतलं. "चाल व," मला म्हणाली.

आम्ही बायांच्या गर्दीत पुढे जाऊन उभ्या राहिलो. बाबा आधीच एका दुकानाच्या पायरीवर उभे होते. वकीलसाहेब वाघापर्यंत पोचले होते, आणि वाघ दार ओरबाडत होता. तेवढ्यात त्यांची नजर ताईवर पडली. मला वाटलं, आता. आता ह्याची वाचा बसते. आता अख्ख्या सौसरपुढे ह्याचं नाक कापलं जातं!

कसली वाचा बसते! गळ्यातला गमछा एकदा सावरला, तेवढंच.

"पाहा!" ते ओरडले. "पाहा! वाघाच्या जबड्यातून सुटून आली! हा आपल्या लढ्याचा विजय आहे! सरकारले झुकवलं आपण!"

टाळ्या, शिट्ट्या, घोषणा. कोणीतरी ताईच्या गळ्यात झेंडूचा हार टाकला. चार हातांनी तिला मंचावर चढवलं, कडेवरच्या पोरीसकट. नवऱ्यानं तिच्या डोक्यावर हात ठेवला, हो, डोक्यावर, आशीर्वाद दिल्यासारखा. माईक तिच्यापुढे धरायचं कोणालाच सुचलं नाही. आणि पोरगी, जी घरी खुशाल पीठ मळत होती, जिची आई तिला कडेवर घेऊन उभी होती, ती मंचावर येताच भोंगा पसरून रडू लागली.

"आनंदाश्रू!" कर्णा म्हणाला.

घरी आल्यावर ताईनं तिचं तोंड पुसलं. "कायले रडली व बाई? मी होती ना जवळ."

"तिथं रडायचं असते ना," पोरगी म्हणाली. अगदी शहाण्यासारखं, जसं आपण सांगतो की देवळात चपला काढायच्या असतात. आणि पुन्हा पिठाचा गोळा घेऊन बसली.

वकीलसाहेब सभेहून आले ते तरंगतच. बदली कशी रद्द झाली, कोणी रद्द करवली, एका शब्दानं विचारलं नाही. हात धुऊन पाटावर बसले.

"टायमिंग मस्त साधलं तू," ताईला म्हणाले. "पण पांढुर्ण्याची सभा राहिली ना अजून. मतदान होतपर्यंत तिकडंच राहिली असती तर लय फायदा झाला असता. तिथं आता काय बोलू मी?"

ताईनं त्यांना वाढलं. ती करपलेली भाकरी वाढली, एवढं मी पाहिलं. त्यांनी खाल्ली. कळलंही नाही.

"तुमी बोला ना," ती म्हणाली. "मी जाऊन राहिली परत. पोरीले घेऊन."

"अरे वा!" वकीलसाहेब म्हणाले. खरंच म्हणाले. माझ्या कानांनी ऐकलं आहे मी. त्यांना वाटलं, मतदानापुरतं. "पण पोरगी कायले? पोरगी इथं लागेल मले."

"नाही लागणार," ताई म्हणाली.

तिच्या आवाजात काहीतरी होतं, कारण त्यांनी नुसतं ताक मागितलं. सकाळी ताई शिक्षण खात्याच्या ऑफिसात गेली, मी सोबत होते. तिनं सांगितलं, मला त्याच शाळेत राहू द्या. तिथला साहेब चक्रावला. "मॅडम, कोर्ट का आदेश आपके हाथ में है, और आप खुद जंगल मांग रही हैं?" ताई म्हणाली, हो. माझी शाळा आहे तिथे. खोली आहे. एक म्हातारी वाट पाहते.

बाबा स्टेशनवर आले होते. ताईनं त्यांना विचारलं, "रागावले का बाबा? येवढं करून आणलं तुमी मले."

"म्या तुले घरी आणलं होतं," बाबा म्हणाले. "ते घर नोहे, मंच होय. जाय तू." गाडी सुटेपर्यंत ते खिडकीतून नातीच्या हातात संत्री देत राहिले. त्यानंतर बाबांनी त्या घराची पायरी चढली नाही, आणि मीही माझं सामान उचलून गावी आले.

वकीलसाहेब ती निवडणूक पडले. त्यानंतरचीही पडले. पण भाषण चालूच राहिलं, नव्हे, सुधारलं. आता सरकारनं बायको दुसऱ्यांदा हिसकावून नेली होती आणि पोटची पोरही वाघाच्या तोंडी दिली होती. मी सौसरच्या बाजाराला गेले की ऐकू यायचं. लोक तसेच डोळे पुसायचे. वाघाची कातडी पाहिली नाही कोणी की डोंगर पाहिला नाही. आणि हा माणूस, ज्याच्या तोंडात ते खेडं बारा महिने होतं, तो त्या खेड्यात एकदाही गेला नाही. बस होती, गाडी होती. सवड नव्हती.

मी जायची. पुढच्या दिवाळीला गेले तेव्हा पोरगी मला घ्यायला बस थांबते तिथपर्यंत आली होती, अनवाणी, आईचं बोट धरून. आता मला मावशी म्हणत होती. गोंडीत बडबडत होती, मला काही कळत नव्हतं, ताई हसून सांगत होती. डोंगर चढताना पोरगी मध्येच थांबली.

"मावशी," तिनं विचारलं, "भाषणातले बाबा कसे आहेत?"

ताई पुढे चालत राहिली, पण चाल मंदावली तिची. तिलाही ऐकायचं असावं.

"बरे आहेत," मी म्हटलं. "बोलून राहिले."